कवडशापलीकडचे व्ही. के. मूर्ती

व्ही. के. मूर्तींचा विषय निघाला की बोलणे एका कवडशापाशी येऊन थांबते. ‘कागज़ के फूल’ (१९५९)मधला तो रिकामा स्टुडिओ, वरून तिरका उतरणारा उन्हाचा झोत, आणि त्याच्या आसपास वावरणारे वहीदा रेहमान व गुरुदत्त. मोठ्या आरशांवरून खरे ऊन आत वळवून मूर्तींनी तो झोत मिळवला, ही हकीकत आता सर्वश्रुत आहे. २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना जाहीर झाला, छायालेखकाला मिळालेला तो पहिलाच. तेव्हा मीही कवडशावरच लिहिले होते. ते लिखाण आज मला अपुरे वाटते.

त्या दृश्यात झोताइतकेच महत्त्व भोवतीच्या काळोखाला आहे. भारतातला हा पहिला सिनेमास्कोप चित्रपट. एवढा रुंद पडदा हाती आल्यावर दुसऱ्या कोणी तो गर्दीने, देखाव्याने भरला असता. मूर्ती तो रिकामा ठेवतात, आणि दोन माणसांमधले अंतर डोळ्यांना दिसू लागते. ‘साहिब बीबी और ग़ुलाम’ (१९६२)मधल्या मुजऱ्यात मुख्य नर्तकी उजेडात आहे, साथीच्या नर्तकी सावलीत. त्यांच्या नुसत्या आकृती हलतात. काय दाखवायचे नाही, हे आधी ठरवणारा हा कॅमेरामन आहे.

हे सारे श्रेय मात्र आपण गुरुदत्तांच्या खिन्नतेच्या खात्यावर जमा केले. जणू दिग्दर्शक उदास होता म्हणून पडद्यावर सावल्या पडल्या! या समजुतीला तडा देणारी कामे मूर्तींच्याच नावावर आहेत, पण त्यांच्याबद्दल फारसे कोणी लिहीत नाही. प्रमोद चक्रवर्तींचा ‘लव्ह इन टोकियो’ (१९६६) घ्या. रंगीत, चकचकीत, हलकाफुलका. सावलीला तिथे फारसे कामच नाही. चित्रपट म्हणून मी त्याची भलामण करणार नाही. परंतु त्यात ‘कागज़ के फूल’ची आठवण करून देण्याचा मोह मूर्तींना झालेला नाही, हे मला मोलाचे वाटते.

याहून मोठा पुरावा दूरचित्रवाणीवर आहे. भीष्म साहनींच्या कादंबरीवरची ‘तमस’ १९८८च्या जानेवारीत दूरदर्शनवर आली. दिग्दर्शक गोविंद निहलानी, एके काळचे मूर्तींचे सहायक. ते स्वतःही छायालेखक; त्यामुळे कुठला निर्णय गुरूचा आणि कुठला शिष्याचा, हे वेगळे काढणे अवघड आहे. सुरुवातीलाच कोंदट खोलीत, मिणमिणत्या उजेडात नत्थू (ओम पुरी) डुकराशी झटतो आहे. इथला अंधार देखणा नाही. ‘कागज़ के फूल’मध्ये काळोख प्रकाशाला चौकट पुरवतो, इथे तो माणसाच्या अंगाला चिकटतो. आपल्याकडून कशासाठी हे करून घेतले जात आहे, हे नत्थूला ठाऊक नाही आणि त्याच्याइतकेच आपणही आंधळे असतो. हे सारे दिवाणखान्यातल्या छोट्या पडद्यासाठी, तेही घरातले दिवे चालू असताना पाहिले जाणारे. तिथे रुंद रिकामी जागा नुसती करडी दिसली असती. म्हणून कॅमेरा चेहऱ्याजवळ जातो आणि उजेड नेमका तेवढ्यावरच राहतो.

श्याम बेनेगलांच्या ‘भारत एक खोज’चे ५३ भाग हा तर स्वतंत्र अभ्यासाचा विषय. भाग बदलला की काळ बदलतो. यज्ञाची वेदी, दरबार, पुढे स्वातंत्र्याची चळवळ. एका झोताभोवती सगळे रचण्याची चैन इथे नव्हती. काही भागांतली प्रकाशयोजना मला सपाट वाटते, हेही सांगितले पाहिजे.

मराठी वाचकाला या परंपरेचा एक धागा घरातच सापडेल. सत्यदेव दुबे यांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ (१९७१) या चित्रपटाचे छायालेखन निहलानींचे आहे. तो पुन्हा पाहताना बेणारेच्या चेहऱ्यावरचा उजेड कुठून येतो आणि कुठे तोडला आहे, एवढेच जरा बघावे.