तालमीतली भाषा

कोल्हापुरी बोलीचे वर्णन करताना 'रांगडी' आणि 'अस्सल गावरान' ही दोन विशेषणे हटकून येतात. दोन्हींत कौतुक आहे आणि दोन्ही दिशाभूल करतात. रांगडी म्हटले की नेमकेपणाशी त्या भाषेचे वाकडे असावे असे वाटते. गावरान म्हटले की तिला बाहेरचा वारा लागलेला नसावा असे. आखाड्याशी आणि त्याभोवतीच्या बोलण्याशी जोडलेले काही शब्दप्रयोग तपासले, तर हे दोन्ही समज टिकत नाहीत.

'तालीम' या शब्दापासूनच सुरुवात करू. तो मूळचा अरबी, अर्थ शिक्षण. मराठी रंगभूमीने तो सरावासाठी घेतला. कोल्हापुरात मात्र तालीम म्हणजे जागा: गंगावेस, मोतीबाग, शाहूपुरी. तिथे शिकवणारा वस्ताद हा फारसीतला 'उस्ताद'. म्हणजे तालमीच्या दारातच गावरानपणाचा दावा अडखळतो.

आता नेमकेपणाकडे वळू. कुस्तीत 'चीत' म्हणजे उताणा. पालथा पडलेला मल्ल हरलेला नसतो. मातीला पोट चिकटवून तो बचाव करत राहतो. हिंदीत चित आणि पट हे उताणा-पालथा या अर्थाचे विरुद्ध शब्द आहेत. मराठीत मात्र 'चीतपट' या जोडशब्दात फक्त चीत अर्थाने उरले. 'आस्मान दाखवणे' हेही त्याच अवस्थेचे वर्णन, फक्त हरलेल्याच्या डोळ्यांनी केलेले. शाहू महाराजांनी उभारलेल्या आणि १९१२ साली पूर्ण झालेल्या खासबाग मैदानात अशी निकाली कुस्ती हीच खरी कुस्ती मानली गेली. मॅटवर गुणांनी जिंकता येते. त्यामुळे थोडक्या मतांनी पडलेल्या उमेदवाराला वर्तमानपत्रे 'चीतपट' म्हणतात, तेव्हा चूक बोलीची नसते, मथळा देणाऱ्याची असते. तो उमेदवार गुणांवर हरलेला असतो.

'धोबीपछाड'चेही तेच. धोबी कपडा खांद्यावरून दगडावर आपटतो, तसा प्रतिस्पर्ध्याला खांद्यावरून फेकण्याचा हा डाव. छापील मराठीत तो कुठल्याही पराभवाचा पर्याय झाला आहे. वास्तविक आखाड्याची भाषा झुंजीचा एकेक टप्पा वेगळा दाखवते. शड्डू हे आव्हान, खडाखडी हा अंदाज घेण्याचा भाग, पट काढणे म्हणजे पायाला हात घालणे, आणि आधीच ठरवून खेळलेली ती नुरा कुस्ती. राजकारणावर लिहिणाऱ्याला एवढे चार शब्द त्यांच्या अर्थानिशी वापरता आले, तर अर्धे विश्लेषण तिथेच होईल.

'नाद खुळा' हा आखाड्याबाहेरचा प्रयोग, पण बोलीची घडण त्यात स्वच्छ दिसते. नाद म्हणजे छंद, वेड. वास्तविक खुळा होतो तो माणूस. इथे विशेषण माणसावरून उचलून त्याच्या नादालाच लावले आहे. 'नाद करायचा नाय' यात मात्र तोच शब्द 'नादाला लागणे' या अंगाने येतो आणि धमकी देतो. एकाच शब्दात शाबासकी आणि दम दोन्ही. पुढे 'विषय हार्ड' आला. शब्द इंग्रजी, पण साचा 'नाद खुळा'चाच: आधी नाम, मग विशेषण, क्रियापदाला फाटा. बोली परका शब्द घेते तो अशी आपल्या साच्यात बसवून.

सर्वांत बोलका प्रवास 'वस्ताद'चा आहे. 'लई वस्ताद हाय' म्हणताना गुरुपण मागे पडते आणि बेरकीपणा पुढे येतो. ही उडी 'वस्ताद एक डाव राखून ठेवतो' या म्हणण्यातून समजते. हे म्हणणे आपल्या मातीतले मानले जाते. पण फारसी कवी सादीच्या तेराव्या शतकातल्या 'गुलिस्तान'मध्ये हीच गोष्ट आहे. तिथला पहिलवान तीनशे साठ डावांपैकी तीनशे एकोणसाठ शिष्याला शिकवतो. शिष्य उलटतो तेव्हा राखलेला एक डाव कामी येतो. दख्खनच्या दरबारांत फारसी शतकानुशतके नांदली. शिवाय आपल्याकडे वाघाला सगळे शिकवून झाडावर चढणे तेवढे न शिकवणारी मांजर, वाघाची मावशी, आहेच. गोष्ट अनेक गावांची. तिला कोल्हापूरने दिली ती तालीम, माती आणि वस्तादाचा चेहरा.

उगम शोधणे म्हणजे प्रत्येक शब्दामागे एक चटकदार किस्सा उभा करणे, अशी सवय आपल्याला लागली आहे. किस्सा लक्षात राहतो, पण तो शब्द वापरणारे हात-पाय त्यात दिसत नाहीत. आज हेच प्रयोग टी-शर्टवर आणि वाढदिवसाच्या फलकांवर दिमाखाने मिरवतात. तिथे त्यांचा ठसका शाबूत राहतो, मात्र चीत आणि पालथा यांतला फरक पुसला जातो. बोलीचे कोश करणाऱ्यांनी म्हणूनच शब्दापुढे नुसता अर्थ लिहून थांबू नये. तो डाव कसा लागतो, कुठे हात घातला जातो, हे वस्तादांकडून समजून घेऊन त्याच नोंदीत लिहावे. हे सांगू शकणारी माणसे तालमींत आहेत तोवरच ते शक्य आहे.