लोकमान्यांचें हिमयुग

थोर पुरुषाच्या ग्रंथाचें परीक्षण करतांना आंधळी भक्ति आणि उतावळी टीका या दोहोंपासून सारखेंच दूर राहावें लागतें. १९०३ सालीं पुण्यांत प्रसिद्ध झालेला लोकमान्य टिळकांचा 'दि आर्क्टिक होम इन दि वेदाज' हा ग्रंथ आम्हीं नुकताच पुन्हां वाचला. दीर्घ उषा व दीर्घ रात्र यांविषयींच्या ऋचांची त्यांतील चर्चा बहुतेकांस ऐकून ठाऊक असते. परंतु त्या इमारतीचा एक आधारस्तंभ भूगर्भशास्त्राचा आहे, आणि तो फारसा कोणी तपासून पाहत नाहीं.

हिमयुगें कां येतात? स्कॉटलंडच्या जेम्स क्रोलनें त्याचें कारण पृथ्वीच्या कक्षेंत शोधिलें. कक्षा कमीअधिक लांबट होते, संपातबिंदु चळतात. त्यामुळें कांहीं युगांत हिवाळे कडक होऊन बर्फ सांचतें, असें त्याचें मत. संपातचलनावरच 'ओरायन' (१८९३) रचणाऱ्या गणिती टिळकांस हें मत मोहक वाटावयास हवें होतें. पण क्रोलच्या हिशेबानें हिमयुग संपून सुमारें ८०,००० वर्षें झालीं. उलट नायगाराच्या दरीची झीज मोजणारे अमेरिकन भूगर्भवेत्ते हा काल दहा हजारांच्या आसपास आणीत होते. टिळकांनीं खडकांची साक्ष मानिली. आज तो काल सुमारें ११,७०० वर्षें ठरला आहे. म्हणजे निवड चोख होती.

कारणाच्या बाबतींत मात्र क्रोलची दिशाच खरी निघाली. सर्बियन गणिती मिलांकोविच यानें १९४१ च्या ग्रंथांत दाखविलें कीं, निर्णायक ऋतु हिवाळा नसून उत्तरेकडील उन्हाळा होय. आंसाचा कल व संपातचलन यांमुळें तो सौम्य झाला कीं मागील बर्फ वितळत नाहीं, आणि थरावर थर चढतात. १९७६ सालीं सागरतळाच्या गाळांत हींच चक्रें सांपडलीं. हवेंतील कार्बन डायऑक्साइड घटून थंडी आणखी वाढते.

खरी अडचण पुढें आहे. टिळकांच्या कालपटांत इ. स. पूर्वीं १०,००० ते ८,००० या काळांत हिमानें आर्यांचें मूलस्थान गिळिलें. वस्तुतः तेव्हां हिम ओसरत होतें. त्यापूर्वींचा ध्रुवप्रदेशाचा उबदार काळ सुमारें सव्वा लाख वर्षांमागचा. इतकी दीर्घ स्मृति ऋचांनीं जपिली, हें मानवत नाहीं.

असें म्हणण्यांत लोकमान्यांचा अवमान नाहीं. ज्यांनीं मोहक गणितापेक्षां खडकाचा शब्द प्रमाण मानिला, त्यांच्या ग्रंथास तीच कसोटी लावणें हाच त्यांचा खरा आदर होय.