‘कन्यादान’मधील भाषण

विजय तेंडुलकरांच्या ‘कन्यादान’ (१९८३) या नाटकाची चर्चा बहुतांशी अरुण आठवले या व्यक्तिरेखेभोवती फिरत राहिली. दलित कवी पत्नीला मारहाण करताना दाखविणे कितपत न्याय्य, हा प्रश्न गैरलागू नाही. अरुणची हिंसा आणि त्याचा सामाजिक भूतकाळ यांत नाटक जो जवळजवळ थेट कार्यकारणसंबंध जोडते, तो संहितेतील कच्चा दुवाच होय. परंतु या वादात नाथ देवळालीकरांच्या भाषणाकडे पुरेसे लक्ष गेले नाही.

समाजवादी नाथ ज्योतीच्या विवाहाकडे एक सामाजिक प्रयोग म्हणून पाहतात. सेवा आणि जयप्रकाश यांच्या शंका त्यांच्या उत्साहापुढे टिकत नाहीत. ज्योती अरुणला सोडून माहेरी येते, तेव्हाही हा विवाह मोडू नये हीच त्यांची तळमळ असते. ती प्रामाणिक असल्यामुळेच घरात तिला कोणी धड विरोध करू शकत नाही.

पुढे अरुणच्या आत्मकथनावरील चर्चेचे निमंत्रण येते. घरात हात उगारणाऱ्याने अन्यायाविषयी लिहावे, याची नाथांना चीड येते. मात्र आपल्या नकाराची किंमत गर्भवती मुलीला मोजावी लागेल, या भीतीपुढे ते नमतात आणि पुस्तकाची स्तुती करून येतात. आयुष्यभर घरातही व्यासपीठाची भाषा बोलणारा हा माणूस येथे प्रथमच व्यासपीठावर घरासाठी बोलतो, आणि नेमके तेव्हाच त्याचे शब्द पोकळ होतात. (पुरोगाम्याच्या नाटकाला एका धार्मिक विधीचे नाव का, याचे उत्तरही बहुधा या प्रसंगात सापडावे.)

ज्योतीला हे पोकळपण तत्काळ उमगते. तिचा संताप मारणाऱ्या पतीवर नसून तिला वाचवू पाहणाऱ्या पित्यावर आहे, हे या प्रवेशाचे सामर्थ्य. माणूस आणि त्याच्यातील पशू वेगळे काढता येतात, ही वडिलांची शिकवण तिच्या अनुभवाने खोटी ठरविली आहे. तिच्यावर प्रेम करणारा आणि तिला मारणारा अरुण एकच आहे. असे असूनही, लढाईतून पाठ फिरवायची नाही ही त्याच वडिलांची दुसरी शिकवण ती सोडत नाही. तिच्याच आधारे ती अरुणकडे परत जाते. तिला अडविण्याजोगा एकही युक्तिवाद नाथांपाशी उरलेला नसतो.