'ओम्फॅलॉस' आणि बीजांकुरन्याय : फिलिप गॉसच्या सृष्टिमीमांसेचे परीक्षण

ख्रिस्ती सृष्टिकथा आणि उत्क्रांतिवाद यांच्यातील वादाचा इतिहास सामान्यतः १८५९ पासून, म्हणजे डार्विनच्या 'ऑरिजिन ऑफ स्पीशीज' या ग्रंथाच्या प्रकाशनापासून सांगितला जातो. परंतु या वादातील तार्किकदृष्ट्या सर्वांत विलक्षण ग्रंथ त्यापूर्वी दोन वर्षे प्रसिद्ध झाला होता. फिलिप हेन्री गॉस (१८१०–१८८८) या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाचा 'ओम्फॅलॉस' हा तो ग्रंथ होय. या ग्रीक शब्दाचा अर्थ नाभी. भूस्तरशास्त्राने घातलेली गाठ सोडविण्याचा प्रयत्न, असा आशय त्याच्या उपशीर्षकात व्यक्त झाला आहे. ग्रंथाला जी कीर्ती लाभली ती बहुतांशी उपहासाची. आणि उपहासानेच काम भागले असे वाटल्यामुळे त्याचे रीतसर खंडन क्वचितच झाले. पूर्वपक्ष त्याच्या बलवत्तम रूपात मांडल्यावाचून उत्तरपक्षास अधिकार प्राप्त होत नाही, हा भारतीय शास्त्रचर्चेचा दंडक या ग्रंथाला लावून पाहणे उद्बोधक ठरते.

गॉस हा अडाणी धर्माभिमानी नव्हता. समुद्रकिनाऱ्यावरील जीवसृष्टीचा तो आपल्या काळातील अग्रगण्य निरीक्षक होता. समुद्री प्राणी काचेच्या टाकीत जिवंत ठेवून त्यांचे निरीक्षण करण्याची आवड इंग्लंडमध्ये रुजविण्याचे श्रेय त्याच्या 'दि अक्वेरियम' (१८५४) या ग्रंथाकडे मोठ्या प्रमाणावर जाते. १८५६ मध्ये रॉयल सोसायटीने त्याला सदस्यत्व दिले. त्याचबरोबर तो प्लिमथ ब्रदरेन या पंथाचा निष्ठावंत अनुयायी होता आणि बायबलातील प्रत्येक वचन अक्षरशः सत्य मानीत होता. लायेलच्या 'प्रिन्सिपल्स ऑफ जिऑलॉजी' (१८३०–३३) या ग्रंथानंतर पृथ्वीचे वय काही सहस्र वर्षांत बसविणे दुष्कर झाले होते. आर्चबिशप अशरने सतराव्या शतकात ठरविलेला इ. स. पूर्व ४००४ हा सृष्टीचा आरंभकाल सुशिक्षित ख्रिस्ती जनांनाही पटेनासा झाला होता. यावर काहींनी उत्पत्तीच्या पुस्तकातील 'दिवस' म्हणजे युग असा अर्थ लावला. काहींनी पहिल्या दोन वचनांच्या मध्ये एक प्रदीर्घ काळ कल्पिला. गॉसला या दोन्ही तडजोडी अमान्य होत्या. धर्मवचनाची ओढाताण नको आणि खडकांच्या साक्षीचा अपलापही नको, अशी त्याची दुहेरी प्रतिज्ञा होती. म्हणूनच ग्रंथाच्या प्रारंभी त्याने भूस्तरशास्त्राचा पुरावा एखाद्या न्यायालयातील साक्षीप्रमाणे, काहीही न दडविता, विस्ताराने मांडला आहे.

त्याचे प्रतिपादन दोन गृहीतकांवर उभे आहे. पहिले, जड द्रव्य अनादि नसून निर्मित आहे. दुसरे, जीवजाती स्थिर आहेत. ही गृहीतके ज्याला मान्य नाहीत त्याच्याशी आपला वाद नाही, हे तो आरंभीच स्पष्ट करतो. पुढे तो निसर्गाचा एक नियम सांगतो : सजीवांचा जीवनक्रम वर्तुळाकार आहे. बीजापासून झाड, झाडापासून पुन्हा बीज. या वर्तुळावर आरंभबिंदू कोठेच नाही. निर्मात्याला मात्र कोठे तरी आरंभ करणे प्राप्त आहे. तो ज्या बिंदूवर वर्तुळात प्रवेश करील त्या बिंदूवर पूर्वीच्या अवस्थांच्या खुणा असणारच. नुकत्याच निर्माण झालेल्या वृक्षाच्या खोडात वार्षिक वलये दिसतील. वृक्षनेच्याच्या बुंध्यावर कधीही न गळलेल्या पानांचे व्रण असतील. प्राण्याच्या दातांवर कधीही न घेतलेल्या घासांची झीज असेल. आणि मातेच्या उदरातून न जन्मलेल्या आदामाला नाभी असेल. या खुणा ज्या काळाचा निर्देश करतात त्या काळाला गॉसने प्राक्कालिक, म्हणजे सृष्टीच्या पूर्वीचा व केवळ सूचित असा काळ मानले. सृष्टीनंतर प्रत्यक्ष व्यतीत झालेला काळ तो याहून निराळा. मग जे वृक्षाला लागू तेच पृथ्वीला का लागू नये? भूस्तर आणि जीवाश्म हीही पृथ्वीची प्राक्कालिक वलयेच होत.

ही कल्पना अगदी निराधार नव्हती. चित्रकार आदामाला नाभी दाखवितात ते योग्य नव्हे, अशी चर्चा टॉमस ब्राउनने १६४६ मध्येच केली होती. आणि जग जुनेपणाच्या खुणांसहच निर्माण झाले असावे, असे शातोब्रियांने १८०२ मध्ये सुचविले होते. परंतु शातोब्रियांच्या दृष्टीने तो सौंदर्याचा प्रश्न होता; जीर्णतेवाचून अरण्याला शोभा नाही, एवढाच त्याचा भाव. गॉसने त्याला तार्किक अपरिहार्यतेचे रूप दिले, आणि येथेच त्याच्या बुद्धीचे सामर्थ्य दिसते.

भारतीय दर्शनांच्या अभ्यासकाला हे वर्तुळ अपरिचित नाही. बीज आधी की अंकुर आधी, या प्रश्नावरून प्रसिद्ध झालेला बीजांकुरन्याय तो हाच. शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात, दुसऱ्या अध्यायाच्या पहिल्या पादात, कर्म आणि सृष्टीतील वैषम्य यांच्या परस्परावलंबनावरील आक्षेपाला उत्तर देताना याच दृष्टांताचा आश्रय केला आहे. तेथील निष्कर्ष मात्र असा की, संसार अनादि आहे. आरंभबिंदू सापडत नाही, म्हणून आरंभच नाही. गॉसची आधारसामग्री तीच. निष्कर्ष मात्र नेमका उलट. आरंभबिंदू सापडत नाही, म्हणून आरंभ कोठेही असू शकतो. दोन निष्कर्षांतील हे अंतर दृष्टांतातून निघालेले नाही. ते आधीच स्वीकारलेल्या सिद्धांतातून निघाले आहे. वर्तुळ स्वतः काहीही सिद्ध करीत नाही. गॉसच्या ग्रंथातील तर्काची शोभा वाचकाला जेथे दिपविते तेथेच हे भान ठेवणे आवश्यक आहे.

आता दोषांचा विचार. पहिला दोष दृष्टांत आणि दार्ष्टांतिक यांच्या वैधर्म्याचा आहे. वलयांवाचून पूर्ण वाढलेला वृक्ष हा कदाचित वृक्षच नव्हे. या युक्तिवादाला काही बळ आहे. परंतु पृथ्वीच्या उदरात नामशेष झालेल्या प्राण्यांच्या अस्थी असल्यावाचून तिच्या पाठीवर आजचे प्राणी नांदू शकत नाहीत, असे कोणालाही म्हणता येणार नाही. वलय हा वृक्षाचा अवयव आहे. जीवाश्म हा पृथ्वीचा अवयव नाही. दुसऱ्या प्राण्याने कुरतडलेल्या हाडांवरील दातांच्या खुणा किंवा अश्मीभूत विष्ठा यांची उपपत्ती वर्तुळाच्या नियमाने लागत नाही. गॉसला या अडचणीची जाणीव होती. प्रौढ प्राणी निर्माण झाला तर त्याच्या आतड्यांत अन्नाचे अवशेषही असणारच, असे उत्तर तो देतो. पण हे उत्तर जिवंत प्राण्यापुरते आहे. जो प्राणी कधी जगलाच नाही त्याच्या विष्ठेला ते लागू पडत नाही. एका जीवाचे जीवनचक्र निरीक्षणाने सिद्ध आहे. सबंध पृथ्वीच्या इतिहासाला असे चक्र असल्याचे कोणीही पाहिलेले नाही.

दुसरा दोष काळाने उघड केला. जाती स्थिर असतील तरच वर्तुळ हे वर्तुळ राहते. डार्विनच्या उपपत्तीप्रमाणे प्रत्येक पिढी मूळ बिंदूवर परत न येता किंचित सरकते, आणि या सरकण्यातूनच नव्या जाती शाखांप्रमाणे फुटतात. मग जीवसृष्टीचे चित्र वर्तुळाचे न राहता वृक्षाचे होते, आणि वृक्षाला मूळ असते. दोनच वर्षांत ग्रंथाचे दुसरे गृहीतक हादरले आणि त्याबरोबर वर्तुळाची अपरिहार्यताही गेली.

यावर कोणी म्हणेल की, वर्तुळ सोडूनही कल्पना टिकते. सर्वशक्तिमान निर्माता कोणत्याही क्षणी, कोणत्याही खुणांसह जग निर्माण करू शकतो. हे खरे आहे. पण या रूपात ती कल्पना गॉसच्या उपयोगाची राहत नाही. बर्ट्रँड रसेलने १९२१ मध्ये दाखविल्याप्रमाणे, सारे जग आपल्या खोट्या स्मृतींसह पाच मिनिटांपूर्वी अस्तित्वात आले, ही कल्पनाही तितकीच अखंडनीय आहे. मग सहा सहस्र वर्षेच का? गॉसचे उत्तर एकच, धर्मग्रंथ तसे सांगतो म्हणून. परंतु धर्मग्रंथही एक खूणच आहे. तो प्राचीन आहे, त्यातील घटना खरोखर घडल्या, हे हस्तलिखिते आणि परंपरा यांवरून केलेले अनुमान आहे. खडकांची साक्ष प्राक्कालिक असू शकते, तर ग्रंथाची का असू नये? ग्रंथ सृष्टीनंतरचा आहे असे म्हणावे, तर सृष्टीचा काळ ठाऊक असावा लागतो. आणि तो काळ तर ग्रंथावरूनच ठरवावयाचा आहे. हा उघड अन्योन्याश्रय होय. धुरावरून अग्नीचे अनुमान होते ते दोहोंच्या व्याप्तीवर. अग्नीवाचून धूर असू शकतो असे एकदा मान्य केले की ती व्याप्ती केवळ एका पर्वतावर मोडत नाही; ती सर्वत्र मोडते. शब्दप्रमाणाच्या रक्षणासाठी अनुमानाचा बळी दिला, आणि शब्दप्रमाण ज्या भूमीवर उभे होते तीच भूमी खचली.

तिसरा आक्षेप धर्माच्या बाजूने आला आणि तोच लेखकाला अधिक झोंबला असावा. गॉसचा स्नेही, धर्मोपदेशक व कादंबरीकार चार्ल्स किंग्स्ले याने त्याला पत्र लिहून कळविले की, ईश्वराने खडकांवर एक प्रचंड आणि निष्कारण असत्य लिहून ठेवले, यावर आपला विश्वास बसू शकत नाही. या खुणा अपरिहार्य आहेत, म्हणून त्यांत फसवणूक नाही, असा गॉसच्या बाजूने बचाव करता येतो. नाभीच्या बाबतीत तो कदाचित ग्राह्य धरता येईल. परंतु कुरतडलेली हाडे अपरिहार्य नाहीत, हे वर दाखविलेच आहे. म्हणजे तर्कातील पहिला दोष हाच श्रद्धेच्या क्षेत्रात ईश्वराच्या सत्यतेवरील आक्षेप बनतो. किंग्स्लेचा उद्गार केवळ भावनेचा नव्हता. तो ग्रंथाच्या मर्मावर नेमका बसलेला घाव होता.

'ओम्फॅलॉस'चे नाव आज ज्या पुस्तकामुळे अधिक परिचित आहे ते 'फादर अँड सन' (१९०७) हे गॉसच्या पुत्राचे, एडमंडचे, आत्मचरित्र. त्यात पित्याची मोठी अपेक्षा, आस्तिक आणि नास्तिक दोघांनीही केलेला उपहास व त्यानंतरचे विषण्ण एकाकीपण यांचे प्रभावी चित्र आहे. तथापि ग्रंथप्रकाशनाच्या वेळी एडमंड आठ वर्षांचा होता आणि हे लेखन पन्नास वर्षांनंतरचे आहे. ॲन थ्वेट यांनी २००२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या फिलिपच्या चरित्राने पुत्राच्या चित्रणाची विश्वसनीयता पुष्कळच मर्यादित केली आहे. १८५७ च्या फेब्रुवारीत पत्नी एमिली कर्करोगाने निवर्तली आणि त्याच वर्षी हा ग्रंथ प्रसिद्ध झाला, हे सत्य आहे. पण दुःखातून तर्कदोष उद्भवला असे ठरविण्यास त्यात आधार नाही. ग्रंथाचे मूल्यमापन लेखकाच्या शोकावरून किंवा पुत्राच्या बंडावरून करणे ही समीक्षेची पळवाट होय.

ग्रंथाचा विषय केवळ पुराणवस्तू म्हणून उरलेला नाही. व्हिटकम व मॉरिस यांच्या 'दि जेनेसिस फ्लड' (१९६१) या ग्रंथाने अमेरिकेतील सृष्टिवादी चळवळीला नवे बळ दिले. त्यात जलप्रलयाच्या उपपत्तीला जोडूनच जग वयाच्या आभासासह निर्माण झाल्याची कल्पना आली आहे. तोपर्यंत, १९५६ मध्ये, क्लेअर पॅटरसनने उल्कांमधील शिशाच्या मापनावरून पृथ्वीचे वय सुमारे ४५५ कोटी वर्षे निश्चित केले होते. आभासाच्या कल्पनेची अडचण १९८७ मधील एका घटनेने अधिक स्पष्ट होते. त्या वर्षी सुमारे १ लाख ६८ हजार प्रकाशवर्षे अंतरावरील एका ताऱ्याचा स्फोट पृथ्वीवरून दिसला. विश्व सहा सहस्र वर्षांचे असून तो प्रकाश वाटेतच निर्माण केला गेला असेल, तर जो स्फोट दिसला तो कधी झालाच नाही. गॉसची नाभी येथे आकाशात दिसते.

मात्र गॉस आणि त्याचे हे वारसदार यांत एक महत्त्वाचा भेद आहे. भूस्तरशास्त्राच्या अभ्यासात आपल्या मताने काडीचाही फरक पडत नाही, शास्त्रज्ञांनी आपले कार्य पूर्ववत चालवावे, असे गॉस निःसंदिग्धपणे सांगतो. उत्तरकालीन सृष्टिवाद्यांनी आपले मत विज्ञान म्हणून शाळेत शिकविले जावे, अशी मागणी केली. १९८२ मध्ये आर्कान्सा राज्यातील खटल्यात न्यायमूर्ती ओव्हरटन यांनी ती फेटाळताना, वैज्ञानिक विधान पडताळता आणि खोटे ठरविता येण्याजोगे असावे लागते, या कसोटीचाही आधार घेतला. स्टीफन जे गुल्ड यानेही 'ओम्फॅलॉस'वरील निबंधात हाच दोष प्रमुख मानला आहे. तो यथार्थ असला तरी अपुरा आहे. पडताळता येत नाही एवढ्यावरून एखादे मत केवळ विज्ञानाच्या कक्षेबाहेर जाते. ते असत्य किंवा अग्राह्य ठरत नाही. गॉसचे मत अग्राह्य ठरते ते त्याचा दृष्टांत दार्ष्टांतिकाला लागू पडत नाही म्हणून, आणि ज्या प्रमाणाचे ते रक्षण करू पाहते त्याच प्रमाणाचा ते उच्छेद करते म्हणून.

या परीक्षणानंतरही ग्रंथाचे एक श्रेय मान्य करावे लागते. विरुद्ध पक्षाचा पुरावा पूर्णपणे मांडून, आपली गृहीतके उघड सांगून आणि त्यांतून निघणारा निष्कर्ष कितीही विचित्र असला तरी तो शेवटपर्यंत नेऊन गॉसने या वादातील खरी निवड उघडी केली. खडकांची साक्ष जशीच्या तशी स्वीकारून तिचा अर्थ मात्र नाकारता येतो काय, हा तो प्रश्न आहे. त्याच्या ग्रंथाचे अपयश हेच त्या प्रश्नाचे नकारार्थी उत्तर होय. आणि तडजोडीचे मार्ग पत्करणाऱ्या समकालीनांपैकी कोणीही ते इतक्या स्पष्टपणे हाती दिले नाही.