त्लोनचे दर्शन आणि नऊ नाणी

कल्पित जगातील दर्शनाचे परीक्षण करावे काय, असा प्रश्न काही वाचकांच्या मनात उभा राहणे स्वाभाविक आहे. ज्या दर्शनाला आचार्य नाही, शिष्यपरंपरा नाही, ज्याचे ग्रंथ कोणी लिहिलेलेच नाहीत, त्याचे खंडनमंडन म्हणजे आकाशपुष्पाच्या सुगंधाची चर्चा, असे कोणी म्हणेल. अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुइस बोर्हेस (१८९९–१९८६) यांच्या 'त्लोन, उक्बार, ऑर्बिस तेर्तियुस' या कथेपुरता तरी हा आक्षेप टिकत नाही, असे आमचे मत आहे.

ही कथा १९४० साली ब्यूनॉस आयरिसच्या 'सूर' या नियतकालिकात प्रथम प्रसिद्ध झाली व पुढे १९४४ च्या 'फिक्सिओनेस' या संग्रहात आली. एक गुप्त मंडळ पिढ्यान्‌पिढ्या खपून त्लोन नावाचे जग कल्पिते, त्याचा ज्ञानकोश रचते, आणि शेवटी ते कल्पित जग खऱ्या जगाचाच ताबा घेऊ लागते, असे तिचे कथानक आहे. त्लोनचे रहिवासी जन्मतःच विज्ञानवादी आहेत. जग म्हणजे अवकाशातील वस्तूंचा समूह नव्हे, तर एकामागून एक घडणाऱ्या स्वतंत्र क्रिया होत, असे ते मानतात. त्यांच्या दक्षिण गोलार्धातील भाषांत नामच नाही. सारा व्यवहार क्रियापदांवर चालतो. 'उजाडले', 'सांजावले' ही भावकर्तृक क्रियापदे ज्यांनी वर्गात शिकविली आहेत, त्यांना ही कल्पना परकी वाटू नये. संपूर्ण भाषाच भावकर्तृक झाली तर विचाराचे काय होईल, हे बोर्हेस यांनी पाहिले आहे.

या दर्शनाला एका पाखंड्याने दिलेले आव्हान हा कथेचा गाभा होय. मंगळवारी एका माणसाची नऊ तांब्याची नाणी ओसाड रस्त्यावर हरवतात. गुरुवारी दुसऱ्याला त्याच रस्त्यावर चार नाणी सापडतात. बुधवारच्या पावसाने ती किंचित गंजलेली असतात. शुक्रवारी तिसऱ्याला तीन सापडतात आणि पहिल्याला स्वतःच्या घरात दोन मिळतात. तेव्हा मधल्या काळात, कोणी पाहत नसतानाही, नाणी होतीच, असे पाखंड्याचे अनुमान आहे. आपल्याला जे व्यवहारज्ञान वाटते, तेच तेथे पाखंड ठरते, यात कथेचा विनोद आहे. त्लोनचे पंडित उत्तर देतात की, 'हरवली' व 'सापडली' या शब्दांतच नाण्यांचे एकत्व गृहीत धरले आहे, म्हणजे जे सिद्ध करावयाचे तेच हेतू म्हणून पुढे केले आहे.

आमच्या वाचकांना येथे ब्रह्मसूत्रभाष्यातील तर्कपाद आठवल्यावाचून राहणार नाही. क्षणिकवाद्याने म्हणावे की, 'हे तेच' ही प्रत्यभिज्ञा केवळ सादृश्यामुळे होते, आणि शंकराचार्यांनी विचारावे की, दोन क्षणांतील सादृश्य जाणणारा एक ज्ञाता नसेल तर ते सादृश्य कोणाला कळले? त्लोनमध्येही पुढे असाच एक विचार निघतो: नाणी हरविणारा आणि ती सापडणारे हे सारे मिळून ज्ञाता एकच आहे. हा विचार तेथे विजयी होतो. परंतु तो स्वीकारताना त्यामुळे शास्त्रांचा पाया व देवांची उपासना सांभाळली जाते, हाही लाभ मोजला जातो. आमच्या मते मर्म येथेच आहे. त्लोनचे तत्त्वज्ञ सत्याचा शोध घेत नाहीत. ते विस्मय शोधतात. वसुबंधूने 'विंशतिका'त बाह्यार्थ नाकारला, पण आसक्ती सुटावी हे त्यामागचे प्रयोजन होते. विस्मय हा अद्भुतरसाचा स्थायिभाव. तो काव्यात शोभतो; दर्शनात त्याला प्रमाणाचे स्थान दिले की, सिद्धान्त सुबक आहे एवढ्यावरच त्याला मान्यता मिळते.

याचा परिणाम बोर्हेस यांनी उत्तरलेखात दाखविला आहे. १९४० च्या कथेतील या भागावर १९४७ ही तारीख घातलेली आहे. जगाला सुव्यवस्थेचा भास हवाच होता, आणि नाझीवादासारख्या मतांनी तो पूर्वीच पुरविला होता, असे तेथे सूचित होते. त्लोनची भाषा शाळांत शिरते, त्याचा गोड, सुसंगत इतिहास मुलांच्या स्मृतीतून खरा इतिहास पुसून टाकतो. शिक्षकाला याहून भयंकर चित्र कोणते?

काही टीकाकारांस या कथेचा निवेदक भ्याड वाटेल. जग बुडत असता तो एका जुन्या इंग्रजी ग्रंथाचे भाषांतर तपासत हॉटेलात बसतो. हा आक्षेप अगदीच निराधार नाही. तथापि त्लोनमध्येच एक नियम सांगितला आहे: ज्या ग्रंथात स्वतःचा प्रतिग्रंथ नाही, तो अपुरा समजावा. पूर्वपक्ष मांडल्यावाचून सिद्धान्त मांडू नये, ही आपली रीत याहून फार वेगळी नाही. निवेदकाने प्रतिग्रंथ लिहिला नाही. ते काम बोर्हेस यांनी वाचकावर सोपविले आहे, असे आम्ही मानतो.

म्हणून भारतीय दर्शनांच्या अध्यापनात क्षणिकवादाचा पाठ घेताना ही नऊ नाणी विद्यार्थ्यांपुढे अवश्य ठेवावीत. त्यांपैकी कोणी पाखंड्याची बाजू घेईल, कोणी पंडितांची. मात्र आपला पक्ष सुंदर दिसतो म्हणून घेतला, की प्रमाणाने पटला म्हणून, हे त्यांनी लेखी सांगावे.