जुन्या ग्रंथांचें पुनर्मुद्रण आणि ‘मिळता’ टंक

जुनें मराठी पुस्तक पुन्हां छापावयाचें ठरलें म्हणजे आजकाल प्रकाशक व त्याचा सजावटकार यांच्यापुढें जो पहिला प्रश्न उभा राहतो तो टंकाचा. मूळ पुस्तक ज्या शिशाच्या खिळ्यांनीं छापलें ते खिळे बहुधा केव्हांच वितळून गेलेले असतात, आणि ज्या मातृकांतून ते ओतले त्यांचाही ठिकाणा लागत नाहीं. तेव्हां संगणकावर आज मिळणाऱ्या टंकांतून मूळाशीं ‘मिळता’ असा एखादा हुडकून काढावयाचा, आणि त्यांत सर्व मजकूर नव्यानें जुळवावयाचा, अशी रीत पडली आहे. प्रस्तुत लेखकाचा आक्षेप या हुडकण्यास नाहीं. ‘मिळता’ हा शब्द ज्या सैल अर्थानें योजिला जातो त्यास मात्र आहे. कारण सजावटकारास जें साम्य पुरतें तें संशोधकास पुरत नाहीं, आणि पुष्कळदां तेंच त्यास फसवितें.

दोन वर्षांपूर्वीं एका संग्राहक स्नेह्यानें एक सुटें मुखपृष्ठ आम्हांस दाखविलें. त्यावर निर्णयसागर छापखान्याचें नांव होतें, जावजी दादाजींचें नांव होतें, शक होता, किंमत होती, कागदही पिवळसर. जावजी १८९२ सालीं वारले व त्यानंतर छापखान्याच्या पुस्तकांवर तुकाराम जावजी व पुढें पांडुरंग जावजी हीं नांवें येऊं लागलीं, हें संग्राहकांस माहीत आहेच. तेव्हां पान १८९२ च्या पूर्वींचें, असा आमच्या स्नेह्याचा निष्कर्ष होता व तो वरवर पाहतां सयुक्तिक होता. पण भिंग लावून पाहतां पहिली शंका ‘क’ नें उत्पन्न केली. त्या पानावर ‘क’ नऊ वेळां आलेला होता आणि नऊही ठिकाणीं त्याच्या डाव्या गोलास एकाच जागीं एकच टवका गेलेला होता! खिळे झिजतात, तुटतात, हें खरें. परंतु प्रत्येक खिळा आपापल्या परीनें झिजतो. एका पानावर नऊ ‘क’ असतील तर ते नऊ निराळे खिळे होत, आणि नऊ खिळ्यांना एकच जखम होणें शक्य नाहीं. त्या पानाचा टंक संगणकाचा होता, व त्यास जुनेपणाचा आभास यावा म्हणून कोणीं तरी अक्षरांच्या कडा मुद्दाम खडबडीत केल्या होत्या. मग पान उलटें करून बोट फिरविलें. खिळ्यांचा दाब कागदास जो किंचित् उठाव देतो, त्याचा लवलेशही मागील बाजूस नव्हता.

पुढें चौकशीअंतीं कळलें कीं तें पान एका अलीकडच्या पुनर्मुद्रणांतून सुटलेलें होतें. त्या प्रकाशकाचा कोणास फसविण्याचा हेतु नव्हता. पुस्तकाच्या अखेरच्या पानावर पुनर्मुद्रणाची नोंदही होती. परंतु पान सुटलें आणि नोंद मागें राहिली. हस्तलिखितांच्या बाबतींत अशा सुट्या पानांनीं केवढे घोटाळे केले आहेत हें या त्रैमासिकाच्या वाचकांस सांगावयास नको.

आतां ‘जुन्यासारखा टंक’ म्हणजे कोणत्या जुन्यासारखा, हा प्रश्न बहुतेकांच्या मनांतही येत नाहीं. जुना मराठी छाप एकजिनसी नाहीं. केरीचें मराठी व्याकरण १८०५ सालीं श्रीरामपुरास छापलें गेलें तें नागरी खिळ्यांनीं, आणि ते खिळे पंचानन कर्मकार व त्याचा जांवई मनोहर यांच्या बंगाली कारागिरीच्या परंपरेंतले. त्याच छापखान्यांतून १८१० सालीं निघालेल्या केरीच्या मराठी कोशांत मराठी शब्द मोडीच्या खिळ्यांत आहेत. मुंबईंत अमेरिकन मिशनच्या छापखान्यांत टॉमस ग्रॅहम यानें नागरी ठसे कापले व त्याच्या हाताखालीं जीवन वल्लभ तयार झाला. तें वळण श्रीरामपुरी वळणाहून निराळें. पुढें जावजी दादाजी आणि राणोजी रावजी आरू यांच्या हातून निर्णयसागरचे टाईप उतरले, आणि १८८६ पासून निघूं लागलेल्या काव्यमालेसारख्या ग्रंथांतून ते हिंदुस्थानभर व त्याबाहेरही संस्कृत वाचकांच्या डोळ्यांत बसले. आज ‘जुना टंक’ म्हटलें कीं सजावटकार डोळ्यांपुढें आणतो तो बहुधा हाच. परिणाम असा होतो कीं १८४० च्या सुमाराचें शालेय पुस्तकही निर्णयसागरी वळणांत नटून बाहेर येतें. म्हणजे नातवाचा अंगरखा आजोबाला चढविला जातो.

यापेक्षांही मोठी चूक शिळाछापाच्या पुस्तकांविषयीं होते. गणपत कृष्णाजींनीं १८३१ सालीं पंचांग छापलें तें दगडावर. शिळाछापांत खिळे नसतातच. लेखक बोरूनें अगर लेखणीनें लिहितो आणि तें लिहिणें दगडावर उतरतें. अशा पुस्तकांतील दोन ‘अ’ कधींही तंतोतंत सारखे नसतात. ओळीच्या शेवटीं जागा कमी पडली तर लेखक अक्षर आवळून घेतो, जागा उरली तर मोकळें सोडतो. वस्तुतः तें हस्तलिखितच होय. त्याच्या प्रती पुष्कळ निघाल्या एवढाच भेद. अशा पुस्तकाशीं मिळता टंक शोधणें म्हणजे एखाद्या माणसाच्या हस्ताक्षराशीं मिळता टंक शोधण्यासारखें आहे. मोडीविषयीं तर बोलावयासच नको. २०१४ सालीं मोडीस युनिकोडमध्यें स्थान मिळालें तें वर्णांस मिळालें. पेशवाईतल्या एखाद्या कारकुनाच्या हाताची धांव त्यांत यावी ही अपेक्षाच चुकीची.

खिळ्यांच्या छापाकडे परत येऊं. साम्य पारखावयाचें तर कोठें पारखावें? सजावटकार पानाचा एकंदर काळेपणा, दंडांची जाडी, गोलाईचा डौल हीं पाहतो. त्यांना किंमत नाहीं असें आम्ही म्हणत नाहीं. पण त्यांवरून पानाचा काल अगर स्थल ठरत नाहीं. तें ठरतें बारीकसारीक वळणांवरून. अ, झ, ण हीं अक्षरें मुंबईकडे एका तऱ्हेनें व कलकत्ता-काशीकडे दुसऱ्या तऱ्हेनें कापलीं जात; मुंबई आणि कलकत्ता छापांतील हा भेद ग्रंथपरीक्षकांच्या हातांतलें जुनें साधन आहे. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत हिंदीच्या प्रमाण वर्णमालेनेंही या तीन अक्षरांचीं मुंबईकडचीं वळणें स्वीकारलीं, परंतु ल आणि श मात्र आपल्या वळणाचे ठेविले. म्हणून आजच्या पुष्कळ टंकांत अ मुंबईचा आणि ल हिंदीचा अशी मिसळ दिसते, जी जुन्या मुंबई छापाच्या पुस्तकास परकी आहे. महाराष्ट्र शासनानें २००९ च्या निर्णयानें मराठीकरितां ल व श यांचीं मराठी वळणें नक्की केलीं आहेत. कित्येक टंकांत दोन्ही वळणें असतात. पण मजकूर मराठी आहे अशी खूण संगणकास न दिल्यास तो निमूटपणें हिंदी वळण पुढें करितो, आणि जुळणी करणाराच्या तें ध्यानांतही येत नाहीं. अधिक अवघड गोष्ट ही कीं मुंबईचा अ आणि कलकत्त्याचा अ यांस युनिकोडमध्यें एकच अंक आहे. मजकूर उतरून घेतला कीं मूळांत कोणता अ होता ही माहिती तेथेंच पुसली जाते. पुढें टंक कितीही मिळता निवडला तरी ती परत येत नाहीं.

दुसरी जागा शिरोरेघेची. धातूच्या जुळणींत प्रत्येक खिळा आपल्यापुरती शिरोरेघ घेऊन येतो. जुळवणीपुढें कितीही सफाई असली तरी दोन खिळ्यांच्या सांध्याशीं केसाएवढी फट अगर किंचित् उंचसखलपणा राहतोच. मात्रा-वेलांट्यांसह अक्षर सबंध ओतलेले ‘अखंड’ टाईप आणि मधलें अक्षर व वरखालच्या खुणा निराळ्या थरांत जुळविण्याचे ‘डिग्री’ टाईप यांत या फटी निराळ्या जागीं पडतात, आणि त्यांवरून छापखान्याची पद्धति ओळखतां येते. संगणकाच्या टंकांत शिरोरेघ अखंड वाहते. जोडाक्षरांचेंही तसेंच. छापखान्याजवळ जोडाक्षराचा स्वतंत्र खिळा होता कीं पाय मोडून काम भागविलें, हें त्या छापखान्याच्या सामुग्रीचें सरळ प्रमाण असतें. नवा टंक सर्वच जोडाक्षरें सुबकपणें जुळवून तें प्रमाण नष्ट करितो. ‘दुसऱ्या’, ‘तऱ्हा’ यांतील अर्ध्या रकाराची मराठी खूण जेथें मूळांत नाहीं तेथेंही ती हजर होते.

चित्र दाखविलें असतां तत्सदृश टंक सुचविणारे संगणकी कार्यक्रम आतां निघाले आहेत, व रोमन लिपीच्या सजावटकारांस त्यांचा उपयोग होतो. पण ते मुख्यतः सुट्या अक्षराच्या बाह्यरेषेवर चालतात. शिरोरेघेनें बांधलेल्या ओळींतून अक्षर सुटें करणें हेंच येथें अवघड, आणि सुटें केलें तरी वर सांगितलेल्या खुणांचा विचार असा कार्यक्रम करणार नाहीं. भिंगाचें काम भिंगानेंच करावयाचें आहे.

मग आजच्या टंकांपैकीं कोणता घ्यावा? आर. के. जोशी यांनीं रेखिलेला ‘मंगल’ घरोघरच्या संगणकांवर आहे म्हणून जुन्या ग्रंथांसही सर्रास लाविला जातो. तो पडद्यावर वाचण्याकरितां आहे, ग्रंथाच्या पानाकरितां नव्हे, आणि हा दोष जोशींचा नसून वापरणारांचा आहे. मुंबईच्या आय्. आय्. टी. नें प्रसिद्ध केलेला ‘शोभिका’ हा ‘यशोमुद्रा’ या टंकावर आधारलेला असून त्यांत सोळाशेंहून अधिक नागरी आकृति आहेत. संस्कृत जोडाक्षरें व वैदिक स्वर यांची सोय पाहतां पोथ्यांच्या संपादकास तो वरदानच आहे. पण त्याचा चेहरा आजचा आहे, आणि तो जुना असल्याचा बहाणा करीत नाहीं, हें आमच्या मतें त्याचें भूषण. डोळ्यास जुन्या धातूच्या छापाच्या अधिक जवळ जातो तो ‘टिरो देवनागरी मराठी’. मूळांत हार्वर्ड विद्यापीठाच्या भारतीय अभिजात ग्रंथमालेकरितां जे टंक करविले गेले त्यांचेंच हें मराठी रूप असून यंत्रजुळणीनें विद्रूप होण्यापूर्वींची उत्तम भारतीय टंककला पुन्हां आणावी हा त्यांतील उद्देश आहे. वाचावयाच्या पुनर्मुद्रणास आम्ही हाच टंक सुचवूं. तथापि तो परंपरेचा वारस आहे, कोणत्याही एका छापखान्याची प्रतिकृति नव्हे. त्यांत जुळविलेलें पान ‘निर्णयसागरी’ म्हणून पुढें ठेवणें चुकीचें होईल.

टंकाच्या या हौसेबरोबर एक विसंगति नेहमीं आढळते, तिचा उल्लेख केल्यावांचून राहवत नाहीं. टंक जुना हवा, पण शुद्धलेखन नवें! १९६२ च्या नियमांनीं जे अनुस्वार गेले ते जुन्या पुस्तकांतूनही बिनदिक्कत उडविले जातात आणि मग उरलेल्या मजकुरास प्राचीन वळणाचा साज चढविला जातो. सावरकरांनीं पुरस्कारिलेल्या अ-च्या बाराखडींत छापलेल्या लेखनांतील ‘अि’, ‘अु’ यांची मुकाट्यानें ‘इ’, ‘उ’ करणें हेंही त्यांतलेंच. तेथें तर लिपिसुधारणेच्या एका चळवळीचा पुरावाच खोडला जातो. ज्यास मूळाचा आदर आहे त्यानें आधीं अनुस्वार राखावे. टंक कोणताही घ्यावा.

याविरुद्ध असें म्हटलें जाईल कीं सामान्य वाचकास हा सारा सूक्ष्म विचार नको असतो. जुन्या पुस्तकाचा कांहीं गंध पानास यावा इतकीच त्याची इच्छा. ती रास्त आहे, आणि सुंदर पान छापणाऱ्या प्रकाशकास आम्ही दोष देत नाहीं. पण गंध द्यावयाचा तर तो नांव सांगून द्यावा. अमुक टंकांत नवीन जुळणी केली, मूळ प्रत अमुक छापखान्याची व अमुक सालची, ही नोंद शेवटच्या पानावर न टाकतां मुखपृष्ठाच्याच खालीं, त्याच पानावर छापावी; म्हणजे पान सुटलें तरी नोंद सुटणार नाहीं. मूळांतील निदान एका पानाचें छायाचित्र पुस्तकांत असावें आणि त्यासमोर त्याच पानाची नवी जुळणी यावी. ज्यांस पुरावा हवा त्यांच्यासाठीं सबंध ग्रंथाचें छायामुद्रण करावें. त्यांत टंक निवडण्याचा प्रश्नच उरत नाहीं. आणि मुद्दाम पाडलेले टवके मात्र कोणत्याही कारणास्तव नसावेत.

आमच्या स्नेह्यानें तें मुखपृष्ठ टाकून दिलें नाहीं. पाठीमागें शिसपेनीनें ‘पुनर्मुद्रण, नऊ क पाहावे’ असें लिहून त्यानें तें आपल्या संग्रहांत निराळ्या लखोट्यांत ठेविलें आहे.