सोल्न्त्सेवा, यूल्या

(७ ऑगस्ट १९०१–२८ ऑक्टोबर १९८९). सोव्हिएट चित्रपट-अभिनेत्री व दिग्दर्शिका. जन्म व मृत्यू मॉस्को येथे. याकव्ह प्रतझानव्ह याच्या ‘आयेलिता’ (१९२४) या मूकपटातील मंगळाच्या राणीच्या भूमिकेने ती प्रसिद्धीस आली. त्याच वर्षीच्या ‘मॉसेलप्रॉमची सिगारेटवाली’ या विनोदी चित्रपटात तिने मॉस्कोच्या रस्त्यावर सिगारेटी विकणारी व योगायोगाने चित्रपटसृष्टीत ओढली जाणारी तरुणी रंगविली. पहिल्या भूमिकेतील गूढ थंडपणा आणि दुसरीतील प्रसन्न सहजता यांवरून तिच्या अभिनयाचा आवाका लक्षात येतो.

अलेक्सांद्र दव्हझेन्को (१८९४–१९५६) या युक्रेनियन दिग्दर्शकाची ती जीवनसहचरी झाली. त्याच्या ‘भूमी’ (१९३०) या चित्रपटात तिने नायकाच्या बहिणीची भूमिका केली व साहाय्यक दिग्दर्शिका म्हणूनही काम पाहिले. यानंतर अभिनय सोडून ती ‘इव्हान’ (१९३२), ‘एरोग्राड’ (१९३५), ‘श्चोर्स’ (१९३९) इ. चित्रपटांच्या निर्मितीत त्याची सहकारी राहिली.

‘सागरकाव्य’ या चित्रपटाच्या चित्रीकरणास आरंभ होण्यापूर्वीच दव्हझेन्को निधन पावला. धरणाच्या जलाशयात बुडणाऱ्या गावाचा हा चित्रपट तिने १९५८ मध्ये पूर्ण केला. त्याच्या पटकथेबद्दलचे लेनिन पारितोषिक मात्र १९५९ मध्ये दव्हझेन्कोला मरणोत्तर देण्यात आले. त्याच्याच पटकथेवरील ‘अग्निवर्षांची कहाणी’ (१९६१) या ७० मिमी. चित्रपटासाठी तिला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचे पारितोषिक लाभले. हा मान मिळविणारी ती पहिलीच स्त्री असून दुसऱ्या स्त्रीला तो मिळण्यास २०१७ साल उजाडावे लागले. १९४४ मध्ये स्टालिनने निषिद्ध ठरविलेल्या ‘युक्रेन ज्वाळांत’ या दव्हझेन्कोच्या कृतीचा आधार तिने ‘अविस्मरणीय’ (१९६७) या चित्रपटास घेतला. मूळ लेखकाला हयातीत पडद्यावर आणता न आलेला आशय अशा रीतीने तिच्यामुळे प्रेक्षकांपर्यंत पोहोचला. १९८१ मध्ये तिला ‘सोव्हिएट संघाची लोककलावंत’ हा किताब मिळाला.

दिवंगत पतीच्या संहितांची निष्ठावंत पूर्तता करणारी, एवढ्यापुरतीच तिची गणना पुष्कळदा होते. तीत तथ्य असले, तरी ती अपुरी आहे. दव्हझेन्कोच्या मूकपटांत चेहरे, शेते व आकाश यांतूनच काव्य प्रकटते; उलट सोल्न्त्सेवाच्या चित्रपटांत त्याचे शब्द निवेदनातून ऐकू येतात आणि त्या शब्दांविषयीच्या आदरापोटी दृश्य काही ठिकाणी अतिभव्य व वक्तृत्वपूर्ण होते. ही तिच्या कलेची मर्यादा होय. परंतु रुंद पडद्यावर नदी, रणभूमी आणि जनसमुदाय यांची केलेली मांडणी ही सर्वस्वी तिची आहे. दव्हझेन्कोने या तंत्रात काम केलेले नव्हते. दव्हझेन्कोच्या बालपणीच्या आठवणींवर आधारलेल्या ‘मंतरलेली देस्ना’ (१९६४) या चित्रपटात बालकाची विस्मित दृष्टी आणि युद्धाने होरपळलेल्या प्रौढाचे स्मरण यांची सांगड तिने विशेष समर्थपणे घातली आहे. शब्द दुसऱ्याचे असले, तरी त्यांना दृश्यरूप देणारी दृष्टी तिची स्वतःची होती. या निकषावर तिचे दिग्दर्शिका म्हणून स्थान स्वतंत्रपणे मान्य करावे लागते.